खेळासाठी मॉनिटर घेताना



'मॉनिटर' म्हटलं की आपल्यापैकी पुष्कळांच्या डोळ्यांपुढे वर्गातला मॉनिटर उभा राहील. गुरुजी बाहेर गेले की बोलणाऱ्या मुलांची नावं फळ्यावर लिहिणारा! शब्द तोच आहे. मूळ लॅटिनमध्ये त्याचा अर्थ बजावणारा, सावध करणारा असा होतो. संगणकाच्या पोटात काय चाललं आहे ते बाहेर दाखवतो, म्हणून त्याच्या पडद्यालाही हेच नाव मिळालं.

आज बोलायचं आहे ते या दुसऱ्या मॉनिटरविषयी, आणि त्यातही संगणकावर खेळ खेळण्यासाठी जो घेतात त्याविषयी. रेडिओवर हा विषय कशाला, असं कोणी विचारील. त्याचं कारण असं. बारावीनंतर मुलगा किंवा मुलगी शिकायला शहरात जाते, संगणक घ्यायचं ठरतं, आणि तालुक्याच्या दुकानातून दरांचा एक कागद घरी येतो. त्यावर 'फोर-के', '१४४ हर्ट्झ', 'एक मिलिसेकंद', 'एचडीआर' असे शब्द असतात आणि खाली रक्कम असते. वडिलांना शब्द कळत नाहीत आणि मुलाला रकमेची झळ कळत नाही. मग वडील तो कागद घेऊन शाळेतल्या गुरुजींकडे जातात. गुरुजींची पंचाईत होते. कारण नाही म्हणावं तर मुलाचं मन मोडतं, आणि हो म्हणावं तर सोयाबीनच्या पैशातला मोठा वाटा एका काचेत जातो. तो कागद आपला आपल्याला वाचता यावा, एवढ्यासाठी हे भाषण.

संगणकावरचे खेळ चांगले की वाईट हा वाद मी येथे घालणार नाही. एवढंच सांगतो की १९५८ साली अमेरिकेतल्या ब्रुकहेवन प्रयोगशाळेत विल्यम हिगिनबॉथम या भौतिकशास्त्रज्ञाने एका छोट्या ऑसिलोस्कोपच्या पडद्यावर टेनिसचा खेळ मांडला, तेव्हा त्यात चेंडू म्हणून केवळ एक उजेडाचा ठिपका इकडून तिकडे जात होता. आणि २०२० साली पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या मंडळींनी 'राजी' नावाचा, आपल्या पुराणकथांवर बेतलेला खेळ तयार करून जगाच्या बाजारात नेला. तेव्हा हा नुसता रिकामटेकड्यांचा उद्योग आहे असं म्हणून विषय झटकून टाकता येत नाही.

आता ठिपक्यांकडे येऊ. संगणकाचा पडदा म्हणजे ठिपक्यांची रांगोळीच. आडव्या इतक्या ओळी, उभ्या इतक्या ओळी, आणि प्रत्येक ठिपक्यात तांबडा, हिरवा व निळा असे तीन बारके दिवे. या ठिपक्याला पिक्सेल म्हणतात. ज्याला 'फुल एचडी' म्हणतात त्या पडद्यावर आडवे १९२० आणि उभे १०८० ठिपके असतात. गुणाकार केला तर २० लाख ७३ हजार ६०० होतात. त्याच्या वरची पायरी २५६० गुणिले १४४०, म्हणजे सुमारे ३७ लाख. आणि 'फोर-के' म्हणजे ३८४० गुणिले २१६०, म्हणजे जवळजवळ ८३ लाख. आडवे ठिपके चार हजारांच्या आसपास म्हणून हे नाव. आडवे दुप्पट आणि उभेही दुप्पट, म्हणून एकूण चौपट. हे चौपटीचं गणित लक्षात असू द्या, कारण पुढचा सगळा खर्च त्यावरच उभा आहे.

पण नुसती ठिपक्यांची संख्या सांगून काहीच कळत नाही. तेवढेच ठिपके लहान पडद्यावर दाट बसतात आणि मोठ्या पडद्यावर विरळ होतात. पडद्याचा आकार इंचांत सांगतात तो कर्णावर मोजलेला असतो. गुरुजींनी पायथागोरसच्या प्रमेयासाठी वर्गात हे उदाहरण घ्यायला हरकत नाही. २४ इंची फुल एचडी पडद्यावर एक ठिपका सुमारे ०.२८ मिलिमीटरचा येतो. तेच ठिपके २७ इंचांवर पसरले तर ०.३१. मात्र २७ इंचांत २५६० गुणिले १४४० ठिपके बसवले तर एक ठिपका ०.२३ मिलिमीटरचा होतो, आणि त्याच आकारात फोर-के बसवलं तर ०.१६ च्याही किंचित खाली उतरतो.

यातलं आपल्या डोळ्याला दिसतं किती? गावात नेत्रशिबिर भरतं तेव्हा भिंतीवर लहान लहान होत जाणाऱ्या अक्षरांचा तक्ता लावतात, तो आपण पाहिला असेल. ही तऱ्हा हरमान स्नेलन या डच नेत्रवैद्याने १८६२ साली काढली. सहा मीटरवरून ज्या ओळीला 'नजर साफ' असा शेरा मिळतो, त्या ओळीतल्या अक्षराची एकेक रेघ सुमारे पावणेदोन मिलिमीटर जाडीची असते. सहा मीटरवर पावणेदोन, तर साठ सेंटिमीटरवर त्याचा दहावा भाग, म्हणजे सुमारे ०.१७५ मिलिमीटर. टेबलाशी बसलेल्या माणसाचे डोळे पडद्यापासून साधारण एवढ्याच अंतरावर, दोन फुटांवर असतात. म्हणजे २७ इंची फोर-के पडद्याचा ठिपका साध्या निरोगी डोळ्याच्या पकडीच्या पलीकडे गेलेला असतो. मधल्या पायरीचा ०.२३ चा ठिपका त्या सीमेच्या थोडा अलीकडे राहतो. आणि माणूस जरा मागे रेलून पाऊण मीटरवर बसला तर हाही ठिपका जवळजवळ सीमेलाच टेकतो. काहींची नजर याहून तीक्ष्ण असते, आणि हलत्या चित्रातल्या तिरप्या रेघांचे दाते अधिक ठिपक्यांनी आणखी मऊ होतात, हे मान्य आहे. पण ठिपके चौपट म्हणून चित्र चौपट चांगलं, असा हिशेब डोळा करीत नाही.

हाच नियम दिवाणखान्यातल्या टीव्हीला लावून पाहा. ५५ इंची टीव्ही, त्याला प्लेस्टेशनसारखं यंत्र जोडलेलं, आणि मुलं दहा फुटांवर बसून खेळताहेत. तेथे फुल एचडीचा ठिपका ०.६३ मिलिमीटरचा असतो, आणि दहा फुटांवरून डोळ्याची सीमा ०.९ मिलिमीटरच्या जवळ जाते. तेथे फोर-केसाठी जादा मोजलेला पैसा नजरेस फारसा पडतच नाही.

एका ठिकाणी मात्र दाट ठिपक्यांचा उपयोग मला वादातीत वाटतो, आणि ते ठिकाण खेळ नव्हे. ते म्हणजे आपली देवनागरी. इंग्रजी अक्षर चार रेघांत निभावून जातं. आपल्याकडे वर रफार, खाली उकार, मध्ये जोडाक्षर आणि डोक्यावर अनुस्वार. विरळ पडद्यावर बारीक टाइपातलं 'र्त्य' किंवा 'ष्ट्र' वाचताना डोळे ताणावे लागतात. जो मुलगा रात्री खेळणार आहे, तोच दिवसा त्याच पडद्यावर वाचणार-लिहिणारही आहे. म्हणून २७ इंचांत फुल एचडी घेऊ नये, असं मी ठामपणे सांगेन. आकार मोठा म्हणून दुकानात तो भारी वाटतो, पण प्रत्यक्षात तेच ठिपके ताणून बसवलेले असतात. फुल एचडीच घ्यायचा तर २४ इंचांपर्यंत थांबावं.

आता या विषयाचं खरं मर्म. दुकानात गेलं की भिंतीवरच्या फोर-के पडद्यावर समुद्रातले मासे, फुलांवरचे दवबिंदू असं काहीतरी चालू असतं. पाहणाऱ्याचं भान हरपतं. पण ती आधीच तयार करून ठेवलेली चित्रफीत असते. यंत्राला ती फक्त उलगडून दाखवायची असते. खेळाचं तसं नाही. खेळातलं प्रत्येक चित्र त्या क्षणी नव्याने काढावं लागतं. आपण डावीकडे वळलो की डावीकडची भिंत, तिच्यावरचं ऊन, तिची सावली, सगळं त्या निमिषात रंगवायचं, आणि तेही सेकंदाला किमान साठ वेळा! फोर-केचे ८३ लाख ठिपके गुणिले साठ, म्हणजे दर सेकंदाला जवळजवळ पन्नास कोटी ठिपक्यांचे रंग ठरवायचे. हे काम संगणकातलं ग्राफिक्स कार्ड करतं. पडदा बिचारा दाखवण्याचा धनी.

शेतकरी बांधवांना हे सांगायला फार वेळ लागणार नाही. ग्राफिक्स कार्ड हा पंप आहे आणि पडदा हे रान आहे. तीन हॉर्सपॉवरच्या पंपावर एक एकर चांगलं भिजत असेल, तर शेजारचे तीन एकर खंडाने घेतले म्हणून पाणी वाढत नाही. उलट सगळ्याच रानाला ओढ बसते. फुल एचडीवरून फोर-केवर गेलं की खेळाची गती बरोबर एक चतुर्थांश होते असं नाही, कारण सगळंच काम ठिपक्यांचं नसतं. पण 'सायबरपंक २०७७' सारख्या जड खेळात ती निम्म्याच्या खाली आली तर नवल मानू नये. मग चित्र अडखळतं, मुलगा हिरमुसतो, आणि सहा महिन्यांत दुसरा कागद घरी येतो. या वेळी ग्राफिक्स कार्डाचा. त्याची किंमत पुष्कळदा मॉनिटरहून मोठी असते. फोर-के पडद्याचा खरा भाव दुकानातल्या चिठ्ठीवर कधीच पुरता लिहिलेला नसतो, तो असा.

यावर मुलं म्हणतील, 'सर, फोर-के घेऊन खेळ कमी ठिपक्यांवर चालवू.' म्हणणं अगदीच चुकीचं नाही. पण जुन्या काचेच्या नळीच्या पडद्याला ठिपक्यांचं असं पक्कं बंधन नव्हतं. आताच्या पडद्याचे ठिपके जागच्या जागी कायम बसवलेले असतात. १४४० च्या पडद्यावर १०८० चं चित्र दाखवायचं म्हटलं तर तीन ठिपक्यांचा ऐवज चार ठिपक्यांवर वाटावा लागतो. तो नीट वाटला जात नाही आणि चित्र पुसट होतं. फोर-केवर १०८० चा हिशेब एकास दोन असा सरळ बसतो खरा, पण बरेचसे मॉनिटर तेथेही कडा पुसट करूनच दाखवतात. याहून चांगला तोडगा २०१८ पासून आला आहे. एनव्हिडिया कंपनीने त्या वर्षी 'डीएलएसएस' आणला आणि एएमडीने २०२१ मध्ये 'एफएसआर'. यात यंत्र आतल्या आत लहान चित्र काढतं आणि मग अक्कलहुशारीने ते मोठं करतं. फोर-के पडद्यावर हे काम पुष्कळ छान होतं, हे मी नाकारीत नाही. परंतु सगळ्याच खेळांत ही सोय नसते, आणि अगदी दुबळ्या कार्डाला तिनेही बळ येत नाही.

दुसरा शब्द हर्ट्झ. पडदा एका सेकंदात किती वेळा नवं चित्र दाखवू शकतो, तो हा आकडा. आपला चित्रपट सेकंदाला २४ चित्रांवर चालतो आणि आपली त्याबद्दल काही तक्रार नसते. मग खेळाला साठ किंवा १४४ कशाला? कारण सिनेमात आपण नुसते पाहतो, खेळात आपला हात गुंतलेला असतो. ६० हर्ट्झच्या पडद्यावर एक चित्र सुमारे १६.७ मिलिसेकंद टिकतं, १४४ वर सुमारे ७. हात हलवला आणि चित्र हललं यांतली ही दिरंगाई बोटांना जाणवते. साठवरून १२० किंवा १४४ वर गेलं की फरक बहुतेकांना लगेच कळतो. १४४ वरून २४० वर गेल्यावर एका चित्राचे केवळ पावणेतीन मिलिसेकंद वाचतात. ते स्पर्धेत उतरणाऱ्याला हवे असतील, आपल्या घरच्या खेळाडूला त्यावाचून अडत नाही. 'व्हॅलोरंट' किंवा 'काउंटर-स्ट्राइक' सारखे चपळाईचे खेळ खेळणारा असेल तर ठिपके कमी चालतील, गती हवी. निसर्ग, गावं, किल्ले पाहत सावकाश हिंडण्याच्या खेळांत उलट ठिपके अधिक शोभतात. म्हणून मुलाला पहिला प्रश्न विचारावा तो 'किती रुपयांचा?' हा नव्हे, 'तू खेळतोस काय?' हा. कित्येक घरांत हा प्रश्न कोणी विचारलेलाच नसतो.

ठिपके आणि गती यांचं जुनं वैर आहे. २००१ साली आयबीएम कंपनीने टी-२२० नावाचा पडदा काढला होता. सुमारे २२ इंचांत ३८४० गुणिले २४०० ठिपके, म्हणजे आजच्या फोर-केहून अधिक! पण तो सेकंदाला पन्नास वेळासुद्धा चित्र बदलू शकत नव्हता. नकाशे आणि वैद्यकीय चित्रं बारकाईने पाहायला उत्तम, खेळायला निरुपयोगी. आज दोन्ही एका पडद्यात मिळतात, फक्त मधली तार तेवढी रुंद लागते. २०१३ सालच्या एचडीएमआय २.० जोडणीतून फोर-के सेकंदाला साठ वेळा जातं. १२० वेळा पूर्ण रंगांसह न्यायचं तर २०१७ सालची एचडीएमआय २.१ किंवा डिस्प्लेपोर्ट १.४ लागते. पाच हॉर्सपॉवरच्या पंपाला एक इंची पाइप जोडण्यासारखी चूक येथे पुष्कळ जण करतात. १४४ हर्ट्झचा पडदा घरी आणतात, कपाटातली जुनी तार लावतात, आणि वर्षभर ६० वरच खेळत बसतात. नवी तार लावल्यावरही संगणकाच्या सेटिंगमध्ये जाऊन तो आकडा स्वतः निवडावा लागतो, बरं का!

खोक्यावर 'जी-सिंक' किंवा 'फ्रीसिंक' असं काही छापलेलं असेल तर तो गुण समजावा. यंत्राची गती कधी सत्तर, कधी पंचावन्न अशी खालीवर होते. पडदा आपल्याच ठेक्यावर चालत राहिला तर अर्धं चित्र जुनं आणि अर्धं नवं असं मधोमध फाटलेलं दिसतं. या सोयीमुळे पडदा यंत्राच्या ठेक्याने चालतो, जसा भजनात टाळकरी बुवांकडे कान ठेवून टाळ धरतो. मध्यम ताकदीच्या यंत्राला ही सोय फार उपकारक आहे, आणि आता ती साध्या पडद्यांतही मिळते.

'एक मिलिसेकंद' या शब्दावर मात्र फार विसंबू नये. ठिपक्याचा रंग किती लवकर बदलतो त्याचा तो आकडा, पण तो प्रत्येक कंपनी आपल्याला सोयीच्या स्थितीत मोजते. तसंच 'एचडीआर ४००'. उजेड आणि अंधार यांतला खरा फरक दाखवायला पडद्याचा भाग भाग वेगळा उजळता-विझवता यावा लागतो. या पायरीच्या बहुतेक पडद्यांत तो तसा येत नाही. त्या शिक्क्यासाठी जादा पैसे देऊ नयेत.

पडद्याच्या जातींत आयपीएस ही आमच्यासारख्यांच्या घराला बरी. रंग चांगले, आणि बाजूला बसलेल्या भावंडालाही चित्र नीट दिसतं. व्हीए जातीत काळा रंग अधिक गडद येतो, पण अंधाऱ्या प्रसंगात हलत्या वस्तूमागे काळपट शेपूट राहिलेलं दिसू शकतं. ओएलईडीचं चित्र पाहून मन तृप्त होतं, यात शंका नाही. पण एकच आकृती तासन्‌तास एका जागी राहिली तर तिचा डाग कायमचा उमटण्याचा धोका त्यात असतो, आणि खेळातले गुणांचे आकडे किंवा संगणकाची खालची पट्टी रोज त्याच जागी असते. दिवसा अभ्यास आणि रात्री खेळ अशा दुहेरी कामाच्या पडद्याला मी ती जात अजून सुचवणार नाही.

मग कागदावर खूण कुठे करायची? ग्राफिक्स कार्ड मध्यम असेल, म्हणजे बहुतेकांचं असतं तसं, तर २७ इंच, २५६० गुणिले १४४०, आयपीएस, १४४ हर्ट्झच्या आसपास. डोळ्याला पुरेल, अक्षर स्वच्छ दिसेल, आणि कार्डावर ओझं फुल एचडीच्या पावणेदोन पटीवर थांबेल, चौपटीवर जाणार नाही. संगणकात वेगळं कार्डच नसेल तर २४ इंची फुल एचडी घ्यावा आणि उरलेले पैसे राखून ठेवावेत. फोर-के त्याने घ्यावा, ज्याच्याकडे जबर कार्ड आधीच आहे किंवा जो चित्रं, छायाचित्रं, चित्रफिती यांचं काम शिकतो आहे. अशी मुलं आपल्या गावांतही आता आहेत, आणि त्यांच्या बाबतीत ही चैन नव्हे, हत्यार आहे. त्यांच्यासाठी ३२ इंचांपर्यंत जायलाही हरकत नाही.

दुकानात गेल्यावर माशांची चित्रफीत बंद करायला सांगा. एखादं मराठी वर्तमानपत्र पडद्यावर उघडा, बारीक टाइपातला मजकूर दोन फुटांवरून वाचा, मग तो भराभर वर-खाली सरकवून अक्षरं फरफटतात का ते बघा. पडदा वर-खाली करता येणारा स्टँड आहे का तेही पाहा. नाही तर खाली वह्यांचा गठ्ठा ठेवावा लागतो आणि मान दुखते ती वेगळीच. घरी आल्यावर पहिल्याच दिवशी पूर्ण पडदा एकदा पांढरा, एकदा काळा, मग तांबडा, हिरवा आणि निळा करून एखादा ठिपका मेलेला किंवा अडकलेला आहे का ते नीट पाहावं. किती मेलेले ठिपके असले म्हणजे पडदा बदलून मिळतो, याचे प्रत्येक कंपनीचे नियम निराळे असतात. ते पैसे देण्यापूर्वीच दुकानदाराकडून बिलावर लिहून घ्यावेत. दुरुस्तीचं केंद्र जिल्ह्याच्या गावी आहे की पुण्या-मुंबईला, हेही तेव्हाच विचारावं. आणि खोकं व आतला थर्माकोल उत्साहाच्या भरात फेकून देऊ नये. हमीची मुदत संपेपर्यंत माळ्यावर ठेवावा, कारण एसटीने पडदा न्यायची वेळ आली तर त्याच्याइतकं चपखल दुसरं काही मिळत नाही.